काय म्हणतोय गं तो?

आई मागच्या वर्षी मे महिन्यात तीन महिन्यांसाठी डब्लिनला आली होती तेव्हाची ही गोष्ट. लिहीन लिहीन म्हणत वर्ष गेलं, आज बसलेच.

आई कोरेगाव तालुक्यातली, शेतीत आयुष्य गेलं, मराठी शाळा सातवीपर्यंत. इंग्रजीतलं 'थँक्यू' आणि 'स्टॉप' एवढं तिला येतं. दिवसभर मी लॅपटॉपवर असायचे, संध्याकाळी जेवणं झाली की आम्ही दोघी टीव्हीसमोर बसायचो, आणि तिला सिरीयल नको असायच्या, तिला जनावरं बघायची असायची. म्हणजे शेळ्या-म्हशींपासून ते वाघापर्यंत काहीही, जिवंत पाहिजे. म्हणून मी निसर्गाच्या डॉक्युमेंटरी लावायचे. आणि पहिल्याच मिनिटाला तो धीरगंभीर आवाज सुरू झाला की आईचा प्रश्न यायचा, काय म्हणतोय गं तो?

मग मी सांगायची. तो म्हणतोय की हा पक्षी दर वर्षी इथंच येतो. तो म्हणतोय की आता हिवाळा जवळ आलाय. मी सांगेपर्यंत पक्षी उडून गेलेला असायचा, पुढचा शॉट आलेला असायचा, आईने माझ्याकडे बघितलेलं असायचं आणि मी त्या आवाजाकडे कान लावलेला असायचा, म्हणजे पक्षी धड तिनेही बघितला नाही आणि मीही नाही. हे मला आठ-दहा दिवस कळलंच नाही. मला वाटायचं मी आईला दाखवतेय.

मग ऑफिसमधल्या एका आयरिश मैत्रिणीला हे सहज बोलता बोलता सांगितलं, आणि तिने दुसऱ्या दिवशी मला एका जुन्या फिल्मचं नाव दिलं. ओशीन. १९७० ची. व्हिव्हियन केरी आणि पॅट्रिक केरी यांची छोटीशी फिल्म, आयर्लंडचा निसर्ग आणि तिथले प्राणी-पक्षी, आणि तिच्यात कोणीच बोलत नाही. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, काही नाही. १९७० हे युरोपात निसर्गसंवर्धनाचं वर्ष म्हणून पाळलं गेलं होतं, त्याच सालची ही. शॉर्ट डॉक्युमेंटरीच्या गटात ऑस्करचं नॉमिनेशनही मिळालं होतं तिला. ऑस्कर मात्र मिळालं ते व्हिएतनाममधल्या माय लाय हत्याकांडात असलेल्या अमेरिकी सैनिकांच्या मुलाखतींच्या फिल्मला. मी यावर बराच विचार केला, एकाच यादीत एक अशी गोष्ट जी माणसाने स्वतःच्या तोंडाने कबूल करायलाच पाहिजे, आणि दुसरी अशी की जिथं माणसाने तोंड उघडलं तर ती बिघडेल. दोन्ही त्याच वर्षातल्या. तेव्हा आई तिसरीत होती, असं तिनेच हिशोब करून सांगितलं.

तर लावली.

पहिली दोन मिनिटं आई वाट बघत होती. मलाही जाणवत होतं ती वाट बघतेय ते, आता सुरू होईल, आता तो बोलेल. मग म्हणाली, अजून सुरुवात नाही झाली का? मी म्हटलं, झालीय आई, यात कोणी बोलणारच नाहीये. म्हणाली, हां मग बरंय, आणि पाय वर घेऊन मांडी घालून नीट बसली. आठ-दहा दिवसांत ती पहिल्यांदा अशी बसली होती, नाहीतर खुर्चीच्या कडेला असायची, पाहुण्यासारखी.

आणि मग आई बोलायला लागली. म्हणजे मोठ्याने नाही, स्वतःशीच, शेतात एकटी असताना बोलते तसं. वारा बघ कुठून येतोय. पाण्यावर बघ, पाण्यावरून कळतं, पाऊस मागेच आहे. हा पक्षी घाबरलाय, आपल्याला नाही, दुसऱ्या कशाला तरी. तिला एकाही जातीचं नाव माहीत नव्हतं आणि त्यामुळे तिचं काही अडत नव्हतं. मला मात्र दर वेळी आधी नाव हवं असायचं, हे काय आहे, कुठलं आहे, कितवं दुर्मिळ आहे, ते कळलं की मी बघायला मोकळी. आईचं उलटं होतं, ती आधी बघत होती, जनावर काय करतंय, कान कुठं आहेत, पोट भरलेलं आहे की खपाटीला गेलंय. मी तिच्या शेजारी बसून पहिल्यांदा काही सांगितलं नाही आणि मला लक्षात आलं की इतक्या दिवसांत आम्ही दोघींनी पहिल्यांदाच एकाच क्षणी एकच गोष्ट बघितली.

फिल्म संपल्यावर तिने विचारलं, नाव काय म्हणालीस? ओशीन. म्हणजे काय? म्हणजे हरणाचं पाडस.

आता ही कथा इथल्या प्रत्येक पोराला माहीत असते. फिन मॅककूल म्हणून मोठा वीर, त्याची बायको साइव्ह, तिला एका काळ्या जादूवाल्याने हरिणी करून टाकलेलं. ती त्याच्याकडे येते, बाई होते, परत हरिणी होऊन नाहीशी होते, आणि पुढं सात वर्षांनी फिनला स्लायगोमधल्या बेन बल्बेन डोंगरावर एक उघडा मुलगा सापडतो ज्याला हरिणीनं वाढवलंय. तो ओशीन. मी हे एवढं सांगितलं आणि आई शांतपणे म्हणाली, ऋष्यशृंगाची आई पण हरिणीच. सप्ताहात ऐकलंय तिने, दर वर्षी गावात भागवत सप्ताह बसतो, कीर्तनं असतात, सगळं डोक्यात आहे तिच्या. तिला त्यात नवल वाटलं नाही अजिबात, जंगलात वाढलेलं पोर म्हटलं की आई कोणतरी हरिणीच असणार असं तिचं म्हणणं.

नंतर मला हाव सुटली. म्हटलं आता बाकीच्या डॉक्युमेंटरी पण अशाच बघू, आवाज बंद करून. केरी नावाच्या इथल्या परगण्याजवळ समुद्रात असलेल्या लिटल स्केलिग बेटावरची एक लावली, ते बेट गॅनेट पक्ष्यांनी पांढरं झालेलं असतं, हजारोंनी घरटी, लांबून वाटतं चुना सांडलाय. हा पक्षी मोठा, पंख पसरले की माणसापेक्षा लांब, आणि तीस-तीस मीटरवरून सरळ समुद्रात सूर मारतो, पाण्यावर आपटायच्या आधी पंख मागे मिटून बाणासारखा होतो. आई बघतच राहिली. आणि म्हणाली, एवढ्या जोरात पाण्यात जातंय, नाकात पाणी नाही का जात त्याच्या?

मी थांबवून शोधलं. गॅनेटला बाहेरच्या बाजूला नाकपुड्याच नसतात! शिवाय मानेजवळ आणि छातीत कातडीखाली हवेच्या पिशव्या असतात, त्या धक्का सोसतात. मी ही फिल्म आधी एकदा आवाजासकट बघितली होती, सगळं ऐकलं होतं, आणि नाकाचा प्रश्न मला कधी पडला नव्हता. विहिरीत उड्या मारून पोहायला शिकलेल्या बाईलाच तो पडणार.

पण आवाज बंद करायचा प्रयोग फार टिकला नाही. दुसऱ्या दिवशी आई म्हणाली, असं नको, बहिरं झाल्यासारखं वाटतंय. आणि बरोबर होतं तिचं. आवाज बंद केला की तो माणूस गप्प होतो पण त्याच्याबरोबर वाराही गप्प होतो, लाटा गप्प, पिल्लांचा कालवा गप्प. ज्यांनी मुळातच शब्द न वापरता फिल्म केली त्यांनी शब्दांची जागा रिकामी सोडलेली नसते हो, तिथं दुसरं काहीतरी मांडलेलं असतं, शॉट किती वेळ धरायचा, कुठं सोडायचा, आधी काय दाखवायचं म्हणजे नंतरचं आपोआप कळेल, हे सगळं काम शब्दांविना करायचं म्हणजे दुप्पट मेहनत. बोलक्या फिल्मचा आवाज काढून टाकला की नुसतं भोक पडतं. हे मला त्या दिवशी कळलं आणि केरी दांपत्याबद्दलचा आदर फार वाढला.

मग ठरवलं की आईला बाहेर काढायचं. टीव्ही बास.

आधी फिनिक्स पार्क, कारण घरापासून बस आहे. सातशे हेक्टरच्या वर पसरलेलं हे पार्क शहराच्या आतच, आणि त्यात हरणांचा कळप, फॅलो जातीची, सतराव्या शतकात शिकारीसाठी आणून सोडलेली, ती तेव्हापासून तिथंच आहेत. आईने पिशवीत गाजरं घेतली होती. तिथं पाटी आहे की खायला घालू नका, मी वाचून दाखवली, तिने गाजरं परत आत ठेवली आणि एका बाकावर बसून तासभर नुसतं बघितलं. जूनचा पहिला आठवडा होता, पिल्लं होण्याचे दिवस. एक मादी कळपापासून लांब, उंच गवताजवळ चरत होती आणि दर चार घासांनी त्याच एका जागेकडे बघत होती. आई म्हणाली, तिथं ठेवलंय तिने. आम्ही जवळ गेलो नाही. पिल्लू दिसलं नाही आम्हाला. पण होतं, मला शंका नाही.

(इथं संध्याकाळी दहा वाजता सूर्य मावळतो जूनमध्ये. आईला पहिले कित्येक दिवस सुधरलंच नाही, दिवेलागण कधी करायची हा तिचा खरा प्रश्न होता. शेवटी सात वाजता घड्याळ बघून लावायची, बाहेर लख्ख ऊन असताना.)

नंतर आम्ही दोन रात्री ऑफलीला गेलो, देशाच्या मधोमध, सपाट भाग, टुरिस्ट लोक सहसा जात नाहीत. एका शेतकऱ्याच्या घरी खोली घेतली होती, सत्तरीचा माणूस, गाई पाळणारा. मला तिथं क्लारा बॉग दाखवायचं होतं आईला, पण आईने पोचल्या पोचल्या गोठा गाठला. आणि गोठ्यात वर, तुळईला, मातीची वाटीसारखी घरटी, आणि त्यांच्यात सारख्या ये-जा करणाऱ्या माळभिंगऱ्या!

मला हे नीट सांगितलं पाहिजे. माळभिंगरी म्हणजे निळीकाळी पाठ, गळ्याखाली तांबडं, शेपटीला दोन लांब काड्या. आमच्या गावात दसरा-दिवाळीच्या सुमारास तारांवर ओळीने बसलेल्या दिसतात, उन्हाळा लागला की जातात. कुठं जातात ते लहानपणी कोणी सांगितलं नाही, जातात एवढंच. त्यांचं घरटं मी आयुष्यात बघितलं नव्हतं, आईने तर एकसष्ट वर्षांत नाही, कारण आमच्याकडे त्या घरटी करतच नाहीत, पाहुण्या येतात आणि जातात. आणि हाच पक्षी, हीच जात, इथं आयर्लंडमध्ये एप्रिलात येतो, गोठ्यात संसार मांडतो, पिल्लं वाढवतो आणि सप्टेंबर-ऑक्टोबरात जातो. इथल्या जातात आफ्रिकेच्या पार दक्षिण टोकाकडे, आमच्याकडे येतात त्या हिमालय आणि त्याच्याही पलीकडून. म्हणजे त्याच नव्हेत, पण त्यांच्यातल्याच. आई त्या घरट्याखाली मान वर करून उभी राहिली, चिमुकल्या पाच चोची उघडलेल्या, आणि म्हणाली, अगं बाई, माहेर इथं आहे होय यांचं.

त्या शेतकऱ्याने गोठ्याच्या दाराचा वरचा अर्धा भाग काढूनच टाकला होता, त्यांना ये-जा करता यावी म्हणून. तो आला तेव्हा आईने त्याला हाताने खूण केली, वर बोट, मग तारेवर बसल्यासारखी बोटांची ओळ, मग स्वतःच्या छातीवर हात, म्हणजे आमच्याकडे. मी सांगायला तोंड उघडणार एवढ्यात त्याने मान हलवली आणि त्यानेही हाताने दाखवलं, खाली लांब, दक्षिणेकडे. मी गप्प बसले. दहा-पंधरा मिनिटं दोघं तसेच, गाय, वासरू, सड, चारा, सगळं खुणांवर चाललं होतं, आईने एका गाईच्या पाठीवर हात फिरवून तोंड वाकडं केलं आणि तो हसला कारण त्या गाईचं खरंच काहीतरी दुखत होतं. मला ना त्या गोठ्यात परत ती फिल्म आठवली.

रात्री त्याने आणखी एक गोष्ट ऐकवली, ती पण शब्दांशिवाय. खिशातला कंगवा काढला आणि एका कार्डाच्या कडेवर दोनदा ओढला. क्रेक्स क्रेक्स. कॉर्नक्रेकचा आवाज. छोटा, गवतात लपणारा पक्षी, त्याचं शास्त्रीय नावही क्रेक्स क्रेक्स असंच आहे, आवाजावरून. तो म्हणाला मी लहान असताना उन्हाळ्यात हा आवाज रात्रभर झोपू द्यायचा नाही, सगळ्या गवताच्या रानांतून यायचा. आता पश्चिमेच्या टोकाला आणि बेटांवर तेवढा उरलाय. गवत लवकर आणि मशीनने कापायला लागले, घरटी गवतातच असतात.

करल्यूचंही तेच. वाकड्या लांब चोचीचा, त्याची शीळ एकदा ऐकली की अंगावर काटा येतो, वर चढत जाते आणि थरथरत विरते. आयर्लंडमध्ये घरटं करणाऱ्या करल्यूंच्या हजारो जोड्या होत्या १९८० च्या दशकात, २०१५ ते २०१७ च्या मोजणीत फक्त १३८ जोड्या सापडल्या. हिवाळ्यात बाहेरून पुष्कळ येतात, त्यामुळे लोकांना वाटतं आहेत की. पण इथं जन्मणारे संपत चाललेत. म्हणजे १९७० ची ती फिल्म ज्या वर्षी काढली तेव्हा या देशाच्या शेतात जे आवाज होते त्यातले काही आज कंगव्यावर वाजवून दाखवावे लागतात. मला त्या रात्री फार वाईट वाटलं, खरंच सांगते.

उलटंही झालंय, तेही सांगायला हवं. त्या फिल्मच्या काळात या देशात एकही गरुड घरटं करत नव्हता, विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच बंदुकांनी आणि विषाने संपवले होते. २००१ मध्ये डोनेगलच्या ग्लेनवेमध्ये स्कॉटलंडहून सोनेरी गरुड आणून सोडले, २००७ मध्ये किलार्नीला नॉर्वेहून समुद्री गरुड आणले, आणि आता त्यांची पिल्लं इथंच जन्माला येतात. किलार्नीची लाल हरणं १९७० च्या सुमारास शंभर-सव्वाशेच्या आसपास उरली होती, आता अनेक पटींनी वाढलीत. विकलोमध्ये वेल्सहून आणलेल्या लाल घारी आहेत, आईला तिकडं नेलं होतं एकदा, ती गाडीतूनच ओरडली, घार! दुभंगलेली शेपटी बघून. मग नीट बघून म्हणाली, आपल्यापेक्षा रंगानं उजळ आहे गं.

बॉगवर दुसऱ्या दिवशी गेलो. बॉग म्हणजे दलदल म्हणतात मराठीत पण तसं नाही ते, दलदल म्हटलं की चिखल येतो डोळ्यासमोर आणि हे तर शेवाळाचं मैदान, स्पंजासारखं, पाण्याने भरलेलं. शेवाळ वर वाढत जातं, खालचं मरतं पण कुजत नाही, कारण खाली हवा नाही आणि पाणी आंबट, म्हणून ते थरावर थर साठत जातं आणि त्याचं पीट होतं. तेच कापून, वाळवून इथले लोक पिढ्यानपिढ्या चुलीत जाळत आले. त्या शेतकऱ्याच्या अंगणात त्याच्या विटांची रास होती, उभ्या टेकवून वाळत घालतात, आईने वास घेतला आणि म्हणाली, गोवऱ्याच की. क्लारा बॉगवर लाकडी वाट केलीय, त्यावरून चालायचं, खाली उतरायचं नाही. आई नऊवारी नाही हो, साधी गोल साडी, त्यावर माझं जाड जॅकेट आणि पायात स्पोर्ट शूज, मस्त चालत होती. वाटेच्या कडेला दवबिंदू दिसली, ती किडे खाणारी तांबूस चिकट वनस्पती. तिच्या बहिणी आमच्या साताऱ्याच्या कास पठारावर असतात, मी कॉलेजात असताना बघितल्या होत्या, आईने नाही, तिला आपल्याच जिल्ह्यातली गोष्ट बघायला आयर्लंडला यावं लागलं.

मी तिला सांगितलं की हे वर्षाला साधारण एक मिलिमीटर वाढतं. एक मीटर खोल म्हणजे हजार वर्षं. आई थांबली. वाकून हाताने मोजायला लागली, कोपरापासून बोटाच्या टोकापर्यंत एक हात, मग अर्धा, मग अजून थोडं. मला विचारलं माउलींना किती वर्षं झाली? मी म्हटलं सव्वासातशेच्या वर. तिने हवेत हात धरला, दीड-पावणेदोन हात खाली. म्हणाली, म्हणजे इथं माउली. आणि मग त्या लाकडी वाटेवर उभी राहून तिने खाली नमस्कार केला. कोणी बघत नव्हतं आणि बघितलं असतं तरी चाललं असतं.

वर्षानुवर्षं सरकारी कंपनी हे पीट मोठमोठ्या मशीनने खरवडून वीजकेंद्रात जाळत होती, ऑफलीत तर मैलच्या मैल काळे पट्टे आहेत. ते खोदकाम २०२१ मध्ये कायमचं बंद झाल्याचं जाहीर झालं, आता चर बुजवून परत पाणी साठवतायत. हे सांगितल्यावर आई एवढंच म्हणाली की मग हात-दोन हात परत चढायला केवढा काळ जाईल.

परतीच्या रस्त्यावर शेतात ससा दिसला, आयरिश रानससा, चांगला थोराड. आयरिश भाषेत त्याला गिरीया म्हणतात, गार म्हणजे आखूड आणि फिया म्हणजे हरीण, आखूड हरीण! आईला हे नाव फार आवडलं. एरवी ती नावं विचारत नाही, हे तिने दोन-तीनदा घोळवून पाठ केलं.

शेवटचा रविवार होता तिचा इथला तेव्हा ग्लेनास्मोलला गेलो. डब्लिनच्या दक्षिणेला डोंगरात ही दरी आहे, १८८० च्या दशकात बांधलेले दोन तलाव आहेत, बाजूने पायवाट. नावाचा अर्थ थ्रशांची दरी, थ्रश म्हणजे आपण कस्तूर म्हणतो तसला पक्षी. मी मुद्दाम तिथं नेलं कारण ओशीनची गोष्ट तिथं संपते. मोठा झाल्यावर नीव नावाची मुलगी पांढऱ्या घोड्यावर येते आणि त्याला समुद्रापलीकडे तीर ना नोगला नेते, तिथं कोणी म्हातारं होत नाही. तो तिथं तीन वर्षं राहतो, मग घरची आठवण येते. ती म्हणते जा, पण घोड्यावरून उतरू नकोस. परत येतो तर इथं तीनशे वर्षं झालेली, बाप नाही, सोबती नाहीत, गडावर गवत, आणि माणसंसुद्धा लहान झालेली, खुजी. या दरीत काही माणसं एक दगड हलवत असतात, त्यांना हलत नाही, तो घोड्यावरूनच वाकून मदत करायला जातो, खोगिराचा पट्टा तुटतो, तो जमिनीवर पडतो आणि पडल्या पडल्या जख्ख म्हातारा होतो.

आई पाण्याकडे बघत ऐकत होती. मग तिने मला गोष्ट सांगितली, रेवतीची. ककुद्मी राजा आपल्या पोरीसाठी नवरा विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकात गेला, तिथं गाणं चाललं होतं, संपेपर्यंत थांबला. मग विचारलं तर ब्रह्मदेव हसले, म्हणाले तू इथं घटकाभर थांबलास, खाली सत्तावीस चतुर्युगं गेली, तुझ्या मनातले सगळे जावई मेले, आता जा आणि बलरामाला दे. खाली आले तर माणसं एवढी लहान झालेली आणि रेवती ताडासारखी उंच, मग बलरामाने नांगर लावून तिला खाली ओढली आणि आपल्याएवढी केली. मी ही गोष्ट लहानपणी ऐकली असणार पण पार विसरले होते. ओशीनला कोणी नांगर लावला नाही, आई म्हणाली, नाहीतर राहिला असता बिचारा.

आणि तेवढ्यात तो बोलायला लागला. थ्रश. कुठंतरी वरती, उंबरठ्यावर बसल्यासारखा झाडाच्या शेंड्यावर. याचं गाणं ओळखायला सोपं असतं, एक तुकडा घेतो, तोच दोन-तीनदा म्हणतो, मग दुसरा घेतो, तोही दोन-तीनदा. आईने हात वर करून मला गप्प केलं, मी काही बोलत नव्हते तरी. तिने ऐकलं, बराच वेळ. मांडीवर बोटांनी ठेका धरला. मग हळूच म्हणाली, भजनात बुवा ओळ टाकतो आणि टाळकरी उचलतात, तसं चाललंय त्याचं, फक्त दोन्ही तोच.

अंधार पडेपर्यंत बसलो. अंधार पडायला दहा वाजून गेले.

ऑगस्टमध्ये आई गावी परत गेली. ऑक्टोबरात मी एकटी किलार्नीला गेले, लाल हरणांचा माजाचा काळ असतो तो, पहाटे धुक्यात नर ओरडतात, बैल आणि वाघ यांच्या मधला कसलातरी आवाज, दरीत घुमत राहतो. फोन काढला होता रेकॉर्ड करायला आणि नेहमीप्रमाणे हळू आवाजात सांगायला सुरुवात करणार होते, आई हे बघ, हे किलार्नी, हे लाल हरीण. थांबले. नुसतं धरून ठेवला फोन, दीड मिनिट. पाठवला.

दोन दिवसांनी तिच्याकडून व्हिडिओ आला. आईने आयुष्यात पाठवलेला पहिला व्हिडिओ, नातवाला विचारून पाठवला असणार. घरामागची तार, तिच्यावर माळभिंगऱ्या, मी मोजल्या, चौदा. लांब कुठंतरी मोटार चालू आहे, पाणी पाटात पडतंय, एक वासरू ओरडतं. एक उडते, फिरून परत येते, बाकीच्या सरकून जागा देतात. त्रेचाळीस सेकंद, आणि त्यात आई एक शब्दही बोललेली नाही, फक्त तिचा श्वास ऐकू येतो.